शरीफजी, सर्फोजी, शरभोजी

शहाजीराजांना शरीफजी नावाचे सख्खे धाकटे भाऊ होते. शिवचरित्र वाचायला घेतलं की पहिल्याच प्रकरणात ते भेटतात आणि त्याच प्रकरणात भातवडीच्या लढाईत कामी येतात. शिवनेरीवर पाळणा हलला १६३० साली. हे काका त्याआधीच गेलेले. त्यामुळे शाळेच्या पुस्तकात त्यांच्या वाट्याला फार तर दोन वाक्यं येतात. एक त्यांच्या मरणाबद्दल असतं, दुसरं नावाबद्दल. लक्ष बहुतेकांचं पहिल्यावरच जातं, आणि खरी नवलाई आहे ती दुसऱ्यात.

भोसल्यांच्या घरातली त्या काळची नावं पाहा. आजोबा बाबाजी, त्यांचे मुलगे मालोजी आणि विठोजी. विठोजींना आठ मुलगे झाले. त्यांत संभाजी, खेलोजी, मंबाजी, नागोजी, परसोजी. अगदी घरची नावं. मालोजींना मात्र बरेच दिवस मूल नव्हतं. मालोजी वेरूळचे, निजामशाहीचे सरदार आणि शंभू महादेवाचे भक्त. वेरूळच्या घृष्णेश्वराच्या देवळाचा त्यांनी जीर्णोद्धार केला. शिखर शिंगणापूरला यात्रेकरूंचे पाण्यावाचून हाल होत म्हणून तिथे मोठं तळं बांधलं. पत्नी उमाबाई फलटणच्या निंबाळकरांची लेक. व्रतवैकल्यं झाली, दानधर्म झाला, आणि मग नगरच्या शाह शरीफ या पिराला नवस बोलला गेला, असं बखरींपासून चालत आलेली हकिकत सांगते. पुढे दोन मुलगे झाले. नवस फेडायचा म्हणून पिराचं नावच दोघांत वाटून दिलं. थोरल्याला 'शाह', धाकट्याला 'शरीफ', आणि दोघांच्याही मागे आपला नेहमीचा 'जी'.

नवसाने पोर होतं की नाही हा वाद इथे नको. नावं कागदोपत्री आहेत, तेवढं पुरे. मला गंमत वाटते ती या वाटणीची. 'शाह' हा फारसी शब्द; राजांना लागतो तसा फकिरांनाही लागतो, पण मुळात ती पदवी. पिराचं स्वतःचं नाव शरीफ. म्हणजे थोरल्याला मिळाली पदवी आणि नाव मिळालं धाकट्याला. इतिहासाने पदवीलाच डोक्यावर घेतलं. शहाजी हे नाव सातारा, कोल्हापूर, तंजावर अशा सगळ्या गाद्यांवर पुन्हा पुन्हा आलं. शरीफ मागे पडलं. निदान महाराष्ट्रात तरी.

शरीफ हे अस्सल अरबी नाव. अरबीत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या धातूतून फुटतात. इथला धातू श-र-फ, आणि त्याचा जुना अर्थ आहे उंची. बाहेर आलेल्या सज्जाला अरबीत शुर्फा म्हणतात. उंचावर उभं राहून खालच्यांवर नजर ठेवणारा तो मुश्रिफ. सुलतानी अमलात हिशेब आणि वसुलीवर देखरेख करणाऱ्या अधिकाऱ्याला हेच नाव होतं, आणि कागलच्या मुश्रीफांमुळे ते आडनाव आज महाराष्ट्राच्या राजकारणात कुणाला नवं नाही. ज्याला उंचीवर नेलं तो मुशर्रफ. उंच कुळातला, थोर, तो शरीफ. त्याहून थोर तो अश्रफ. इजिप्तच्या बार्सबाय या सुलतानाची पदवी होती अल्-अश्रफ. १४२५ साली त्याने सोन्याचं नवं नाणं पाडलं, त्याला लोक अश्रफी म्हणू लागले, आणि ते नाव इराणमार्गे हिंदुस्थानात येऊन आपल्या गोष्टींतल्या जमिनीत पुरलेल्या हंड्यात जाऊन पडलं. अशर्फी ती हीच. मुंबईच्या शेरीफचा मात्र या कुटुंबाशी काही संबंध नाही. ते पद इंग्लंडातून आलं, तिथल्या परगण्याच्या कारभाऱ्याच्या जुन्या नावातून. आपण त्याला नगरपाल म्हणतो तेच बरं.

इस्लामच्या आधीही अरबी टोळ्यांत शरीफ होते. ज्याच्या बापजाद्यांचं नाव चार लोकांत घेतलं जाई, तो शरीफ. पुढे या शब्दाला कुंपण पडलं. पैगंबरांच्या नातवांचे वंशज तेवढे शरीफ, असा अर्थ रुळत गेला. हिजाजमध्ये त्यातही फोड झाली: हसन यांच्या वंशातले शरीफ आणि हुसेन यांच्या वंशातले सय्यद. वंशावळी तपासायला शहरोशहरी नकीब नेमलेले असत. खोटा दावा करणाऱ्याची त्यांच्याकडून गय होत नसे. १३७१-७२च्या सुमारास इजिप्तच्या शाबान सुलतानाने हुकूम काढला की या घराण्यांतल्या लोकांनी पागोट्याला हिरवी खूण लावावी, म्हणजे रस्त्यातून जाताना कोण कोण ते कळेल. मक्केवर तर दहाव्या शतकापासून शरीफांचीच सत्ता होती, वरती खलिफा कुणीही असो. त्यांतले हुसेन बिन अली यांनी १९१६ साली तुर्कांविरुद्ध बंड पुकारलं. १९२५ साली सौदांनी हिजाज घेतला तेव्हा हे घराणं तिथून उठलं, पण जॉर्डनच्या गादीवर त्यांचेच वंशज आजही आहेत. मोरोक्कोचं राजघराणंही स्वतःला शरीफ म्हणवतं.

इतकं कुंपण असूनही शब्द बाहेर निसटलाच. आपल्या बाजूला येईपर्यंत त्याची धार पार बोथट झाली. हिंदीत आणि दखनीत शरीफ माणूस म्हणजे सरळमार्गी, कुणाच्या अध्यात ना मध्यात असलेला. खानदान वगैरे सगळं गळून पडलं. जागेला किंवा ग्रंथाला लावलं की मात्र जुना मान परत येतो: अजमेर शरीफ, कुराण शरीफ. आणि इजिप्तमधल्या एका ख्रिस्ती घरातल्या मिशेल शलहूब नावाच्या नटाने पडद्यासाठी नाव घेतलं ते ओमर शरीफ. १९६२च्या 'लॉरेन्स ऑफ अरेबिया'मुळे तो जगभर पोचला. त्यात त्याने केलेल्या भूमिकेचं नाव होतं शरीफ अली. पडद्यावरचा शरीफ कुळाने शरीफ, आणि तो करणारा निवडीने.

आमचे शरीफजी या दोन्हींत बसत नाहीत. त्यांना ते नाव कुळाने मिळालं नाही आणि त्यांनी ते निवडलंही नाही. ते आईबापांनी उतराई होण्यासाठी दिलं. अरबस्तानात ज्या नावासाठी वंशावळ दाखवावी लागे, ते इथे एका हिंदू सरदाराच्या मुलाला नवसाच्या वाटेने मिळालं. कुणी वंशावळ विचारली नाही, धर्मही विचारला नाही. शाह शरीफ यांचा दर्गा नगरजवळ दर्गा दायरा या गावी आजही आहे, आणि त्याचं नाव निघालं की भोसल्यांची गोष्ट निघतेच.

भातवडीचं थोडं सांगितलं पाहिजे, कारण तिथे नावांचा आणखी एक खेळ आहे. १६२४ साली मुघल आणि आदिलशाही फौजा एकत्र होऊन निजामशाहीवर चालून आल्या. निजामशाहीचा कारभार मलिक अंबरच्या हाती होता आणि त्याच्या फौजेत शहाजीराजे, शरीफजी आणि इतर भोसले मंडळी होती. नगरजवळच्या भातवडीला, म्हणजे आजच्या भातोडीला, मोठा तलाव होता. अंबरने त्याचा बांध फोडून दिला. पाणी शत्रूच्या तळात शिरलं, सगळा चिखल झाला. त्यात दाणावैरण तुटलेली आणि रात्रीचे छापे चालूच. आदिलशाही सेनापती मुल्ला महंमद लारी मारला गेला आणि दोन्ही फौजांची दाणादाण उडाली. गनिमी कावा म्हणजे काय ते महाराष्ट्राला या लढाईने दाखवलं असं अभ्यासक म्हणतात, ते उगाच नाही. विजयाच्या त्या दिवशी शरीफजी पडले. नेवाशाच्या कवींद्र परमानंदाने शिवाजीमहाराजांच्या सांगण्यावरून रचलेल्या 'शिवभारत' या संस्कृत काव्यात भातवडीचं आणि शरीफजींच्या पराक्रमाचं वर्णन आहे. भातोडीत त्यांची समाधी आहे.

आता नावं. मलिक अंबर मूळचा इथिओपियातला, जन्मनाव चापू. गुलाम म्हणून विकला गेला, आणि अंबर हे नाव त्याला धन्याने दिलं. अरब जगात गुलामांना सुगंधांची आणि रत्नांची नावं ठेवायची रीत होती: अंबर आणि काफूर हे सुवास, याकूत म्हणजे माणिक, मर्जान म्हणजे पोवळं. देवगिरीवर आलेला मलिक काफूर आणि जंजिऱ्याचा सिद्दी याकूत आठवा, म्हणजे या नावांचा वास लगेच येईल. तर भातवडीच्या रणात चित्र असं होतं की अरबीतलं गुलामाचं नाव असलेला माणूस सेनापती आणि अरबीतलं सर्वांत खानदानी नाव असलेला तरुण त्याच्या हाताखाली लढणारा. मक्केत हे ऐकून कुणाला हसू आलं असतं. दख्खनेत कुणाला त्यात काही वावगं वाटलं नाही.

फकिराच्या आशीर्वादाने झालेल्या मुलाला त्याचंच नाव ठेवायचा हा प्रकार एकट्या दख्खनेतला नव्हे. जयपूरहून सीकरच्या रस्त्याला लागलं की तीसेक किलोमीटरवर चौमूं लागतं. जयपूर संस्थानातल्या बड्या ठिकाण्यांपैकी हे एक. इथले ठाकूर नाथावत, म्हणजे कछवाहांची एक शाखा. त्यांच्या उत्तरेला दुसरे भाऊबंद, शेखावत. शेखावतांची जुनी राजधानी अमरसर ही याच टापूतली, आणि त्यांच्या कुळाची सुरुवात मालोजींच्या हकिकतीची जुळी बहीण शोभावी अशी आहे.

पंधराव्या शतकातली गोष्ट. आंबेरच्या कछवाहा घराण्यातल्या मोकलजींना मूल नव्हतं. एकदा शेख बुरहान नावाचा फकीर त्यांना भेटला आणि त्याने दूध मागितलं. म्हैस तर नुकतीच पिळून झालेली. पुन्हा बसून बघ, असं फकीर म्हणाला, आणि आटलेल्या कासेतून धार लागली. मोकलजींनी मग त्याच्याकडे मुलगा मागितला. १४३३ साली मुलगा झाला, त्याचं नाव ठेवलं शेखा. हाच राव शेखा. आंबेरच्या थोरल्या गादीला खंडणी द्यायची त्याने बंद केली, अमरसरला बसून स्वतंत्र राज्य उभं केलं, पन्नी पठाणांना पदरी ठेवलं, आणि १४८८ साली गौड राजपुतांशी लढताना तो मेला. त्याच्या वंशजांचं कूळ शेखावत आणि मुलूख शेखावाटी. एका फकिराच्या पदवीवरून राजपुतांच्या एका मोठ्या कुळाचं आणि अख्ख्या प्रांताचं नाव पडलं.

इथेही पदवीच उचलली गेली, बघा. फकिराचं नाव बुरहान. शेख म्हणजे वडीलधारा, केस पिकलेला, आणि म्हणून टोळीचा म्होरक्या किंवा गुरू. अरबीत शेख हे पोराचं नाव सहसा ठेवत नाहीत. तान्ह्या बाळाला म्हातारा कोण म्हणणार? तरी शेखाच्या जन्माआधी थोडी वर्षं, १४१२ ते १४२१, कैरोच्या तख्तावर अल्-मुअय्यद शेख नावाचा सुलतान होता आणि त्याचं शेख हे स्वतःचं नाव होतं, पदवी नव्हे. म्हणजे तिकडेही कुणीतरी हा प्रकार केलाच होता.

राजपुतांनी नवस फेडला तोही नावापुरता नाही. कर्नल टॉडने एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धात राजस्थानचा इतिहास लिहिला, त्यात शेखावतांच्या चाली नोंदवल्या आहेत. मुलगा झाला की शेखच्या नावाने बकरा द्यायचा, पोराला निळे कपडे घालायचे आणि रानडुकराचं मांस वर्ज्य मानायचं. रानडुकराची शिकार म्हणजे राजपुताचा जीव की प्राण. ती खायची नाही म्हणजे नवस चांगलाच महागात पडला म्हणायचा.

शेखा महाराष्ट्रातही पोचला. शेखावाटीतून वऱ्हाडात आलेल्या कुटुंबांपैकी एका घरातले देवीसिंह शेखावत अमरावतीचे महापौर झाले. त्यांच्या पत्नी जळगावच्या प्रतिभाताई पाटील. २००७ साली राष्ट्रपतिपदाची निवडणूक झाली तेव्हा प्रतिभाताईंच्या विरोधात होते तेव्हाचे उपराष्ट्रपती भैरोंसिंह शेखावत. निवडून कोण आलं ते सर्वांना ठाऊक आहे. शेख बुरहानच्या दुव्याच्या दृष्टीने मात्र निकाल कसाही लागला असता तरी राष्ट्रपती भवनात एक शेखावत जाणारच होता.

आपल्याकडे अशी अरबी नावं मुलांना ठेवताना बहुतेकांना ती अरबी आहेत याचा पत्ताही नसे. पीर प्रसन्न झाला म्हणून पिराजी (पीर शब्द फारसी, पण वाट तीच). फकिराच्या आशीर्वादाचा तो फकिरा. दौलतराव, फत्तेसिंह, साहेबराव यांतला पहिला भाग अरबीच. आणि हैबत, म्हणजे दरारा, हाही अरबी शब्द. आळंदीच्या देवळात शिरताना जी पहिली पायरी लागते ती हैबतबाबांची. साताऱ्याजवळच्या आरफळचे हे हैबतराव. ज्ञानेश्वर महाराजांच्या पालखी सोहळ्याला आजची शिस्त त्यांनी लावली. दिंड्यांचा क्रम, मुक्काम, घोडे, सगळी घडी त्यांची. वारीत चालणाऱ्या लाखो लोकांच्या तोंडी हे नाव रोज असतं आणि त्याचा उगम शोधायची कुणाला गरज पडत नाही. मला ही बेफिकिरी आवडते. नाव परकं की आपलं हे त्याच्या व्युत्पत्तीवरून ठरवायची हौस अलीकडची आहे.

मालोजींच्या बाबतीत तर शेख दोन बाजूंनी येतो. एकीकडे शाह शरीफ आणि दुसरीकडे श्रीगोंद्याचे शेख महंमद. 'योगसंग्राम' लिहिणारे हे मराठी संतकवी. मालोजींनी त्यांना गुरू मानलं आणि श्रीगोंद्यात मठासाठी जागा दिली, अशी परंपरा आहे. घृष्णेश्वराचा कळस, शिंगणापूरचं तळं, नगरचा पीर, श्रीगोंद्याचा मठ: एकाच माणसाच्या या चार निष्ठा, आणि त्याला स्वतःला त्यांत काही जोडतोड करावी लागली असेल असं वाटत नाही.

शरीफजींच्या नावाचं पुढे काय झालं, ते पाहायला तंजावरला जावं लागतं.

शहाजीराजांचे धाकटे पुत्र व्यंकोजी ऊर्फ एकोजी यांनी तंजावरची गादी मिळवली. त्यांना तीन मुलगे. पहिल्याचं नाव शहाजी. आजोबांचं नाव नातवाला ठेवण्याची आपली रीतच आहे. दुसऱ्याचं नाव सर्फोजी. शरीफजी, शरफोजी, सर्फोजी अशी ही घसरण. पिराच्या नावाची ती जुनी जोडी तंजावरच्या पाळण्यात पुन्हा एकदा, त्याच क्रमाने, थोरला-धाकटा अशी आली. आजोबांबरोबरच, भातवडीला पडलेल्या चुलत आजोबांचीही आठवण ठेवली गेली. शहाजींनी १६८४ ते १७१२ राज्य केलं, त्यांच्यामागे १७२८ पर्यंत सर्फोजींनी.

आणि इथे संस्कृत पंडितांनी हात मारला. दरबारात काव्य रचायचं तर राजाचं नाव श्लोकात बसायला हवं, आणि अरबीतला फ संस्कृताला तसा उपराच. पंडितांनी शरफचं केलं शरभ. शरभ म्हणजे पुराणातला आठ पायांचा प्राणी, सिंहाला भारी पडणारा. नरसिंहाचा आवेश शमवण्यासाठी शिवाने घेतलेलं रूप ते शरभेश्वराचं, आणि तंजावरच्या मुलखात, कुंभकोणमजवळच्या त्रिभुवनम इथल्या चोळकालीन देवळात, या शरभेश्वराची मोठी उपासना आहे. नाव असं जुळून आलं की मागचा पीर दिसेनासाच झाला. जगन्नाथ कवीने या राजावर काव्य रचलं, त्याचं नाव 'शरभराजविलास'. मक्केच्या खानदानी शब्दाला दक्षिणेत आठ पाय फुटले. यात कुणाची लबाडी होती असं मला वाटत नाही. शंभू महादेवाला आणि पिराला एकाच वेळी मानणाऱ्या मालोजींच्या घरात तेच नाव एकदा पिराचं आणि एकदा शिवाचं झालं, इतकंच.

हे नाव सगळ्यात मोठं केलं दुसऱ्या सर्फोजींनी, १७७७ ते १८३२. दत्तक म्हणून आले, गादीसाठी झगडले, १७९९च्या तहात राज्य इंग्रजांना देऊन किल्ल्यापुरते राजे उरले, आणि उरलेलं आयुष्य पुस्तकांत घातलं. सरस्वती महाल ग्रंथालयात त्यांनी देशोदेशीची पुस्तकं आणि हस्तलिखितं जमवली, देवनागरी छापखाना काढला, डोळ्यांच्या रोग्यांवर उपचार करून त्यांच्या नोंदी चित्रांसह ठेवल्या. बृहदीश्वराच्या भिंतीवर १८०३ साली भोसल्यांच्या घराण्याचा इतिहास मराठीत कोरवला; मराठी शिलालेखांत इतका लांबलचक दुसरा सापडणं कठीण.

तंजावरला राजा सर्फोजींच्या नावाचं सरकारी महाविद्यालय आहे. तमिळ लिपीत फ नाही आणि भ-ब-प यांना मिळून एकच अक्षर आहे. त्यामुळे पाटीवर लिहिलेलं असतं 'सरपोजी', वाचणारा म्हणतो 'सरबोजी', आणि मराठी पाहुणा ते मनातल्या मनात दुरुस्त करून 'सर्फोजी' म्हणतो, म्हणजे नगरच्या पिराच्या थोडा जवळ येतो.